एकुलती श्रोती

मालिकांना पार्श्वसंगीत देणं हा माझा धंदा. एपिसोड येतो, त्यात माणसं भांडत असतात, रडत असतात, आणि संगीताच्या जागा मोकळ्या असतात. त्या मी बोईसरच्या फ्लॅटमध्ये खिडक्या घट्ट लावून भरतो, कारण खाली कारखान्यांच्या ट्रकची घरघर थांबत नाही. काम पाठवलं की फोनवर अंगठा येतो. कधी तोही येत नाही. नाव शेवटी सरकणाऱ्या पाट्यांमध्ये असतं खरं, पण पाट्या वाचतो कोण? समोरच्या फ्लॅटवाल्याची समजूत आहे की मी घरी बसून असतो.

ऐकणारी एकच होती, समुद्राकाठच्या मुरबे गावात राहणारी आई. एपिसोड संपला की तिचा फोन यायचा, "आज तुजा बेस वाजला," म्हणजे छान वाजलं. कधी तेच दोनदा म्हणायची आणि मी काही विचारायच्या आत ठेवून द्यायची. स्वभावच घाईचा, असं मी समजायचो. गावी गेलो तरी बोलायची तीच, मी आपला जेवायचो. त्या एका वाक्यासाठी मी वर्षानुवर्षं एकटा बसून वाजवत होतो, हे आता सांगून टाकतो.

यंदा आई गेली. आमच्या आळीत कुणी गेलं की दहाव्यापर्यंत कुणाच्याच घरात टीव्ही लागत नाही, आणि मग लावायचा तोही घरच्यांना विचारून. दहाव्याच्या संध्याकाळी शेजारची काकी विचारायला आली. तिचा आणि आईचा जन्म एकत्र मासळी सुकवण्यात गेलेला. मी हो म्हटलं आणि तिच्याचकडे जाऊन बसलो. घरात बसवत नव्हतं.

मालिकेत सासू मरत होती. माझी सारंगी सुरू झाली, आई असताना केलेली. आईने एवढं ऐकायला हवं होतं, असं मी काकीला म्हणालो.

काकी टीव्हीकडेच बघत म्हणाली, "तिला आयकू येत नवता रे. दोन वरसां झाली. तुला सांगायचा नाय म्हनून शपत घातलेली."

आई रोज तिच्याकडे येऊन बसायची. संगीत आलं का, कसं आलं, ते विचारायची. काकी तिच्या तळहातावर बोटांनी वाजवून दाखवायची. मग आई मला फोन लावायची.

मी हात पुढे केला, म्हटलं दाखव. काकीने माझं मनगट धरलं आणि वाजवू लागली. टीव्हीत सारंगी रडत होती आणि माझ्या तळहातावर लग्नातल्या हळदीच्या नाचाचा ठेका पडत होता. दोन वर्षांतल्या माझ्या साऱ्या मरणांना, साऱ्या ताटातुटींना आईने हाच ऐकला होता.

मी म्हटलं, काकी, ही तर हळद.

"मना यवढाच येते," काकी म्हणाली. "पन ती हसायची."