डोंगरकड्याची हळद आणि एप्रिलचं आभाळ

एप्रिलात हिंगोलीला कोण जातं, असं नवऱ्यानं विचारलं. मी जाते, म्हटलं. माझ्या आजोळच्या, डोंगरकड्याच्या सुमनमावशीची हळद शिजवून वाळत पडली होती. वर्षभराची सगळी मेहनत अंगणात पसरलेली असते, ती मला एकदा बघायचीच होती.

पुण्याच्या बसनं सकाळी हिंगोलीत उतरवलं. स्टँडासमोर चुरमुऱ्यांचा गरम सुशीला आणि चहा घ्या, पण लवकर घ्या. उन्हानं शहराचं वेळापत्रकच बदललंय. भाजीबाजार उजाडताच भरतो, दुपारी शटरं अर्धी खाली, गर्दी दिवे लागल्यावर. पूर्वी हे मे महिन्यात व्हायचं, असं रिक्षावाला सांगत होता. तिथून कळमनुरीमार्गे डोंगरकडा एसटीनं दीडेक तास. बायकांना अर्धं तिकीट आहे, पाण्याच्या बाटल्या मात्र दोन ठेवा.

मावशीच्या गल्लीत घराघरापुढं हळद. पूर्वी या दिवसांत आभाळाकडं कुणी बघत नसे, आता अवकाळी दरवर्षी ठरलेला. तीन वर्षांमागं जो तो आपापल्या हळदीकडं धावला आणि सगळ्यांचीच भिजली, कारण वाऱ्यात ताडपत्री धरायला चार कोपऱ्यांना चार माणसं लागतात. तेव्हापासून गल्लीचा नेम झाला: ज्या घरात माणसं कमी, त्याची हळद आधी, आणि सगळ्यांनी मिळून.

दुसऱ्या दिवशी दुपारी आभाळ भरून आलं. मावशी स्वतःची हळद टाकून पलीकडच्या शांताबाईकडं पळाली. शांताबाई एकट्या राहतात. माझं डोकंच फिरलं. मावशीच्या घरात माणसं तीन, म्हणून नंबर शेवटचा! मी ओरडले, "मावशी, अगं आपली भिजेल!"

"भिजू दे. तिच्याकडं दोनच हात हायेत. तू काहून उभी राहिली? कोपरा धर."

मी शहाणी! मी धरला नाही. परत फिरले आणि एकटीनं मावशीची ताडपत्री उलगडली. वाऱ्यानं ती हातातून हिसकली आणि बाभळीवर नेऊन फाडली. थेंब सुरू झाले. मला रडूच आलं.

तेवढ्यात गल्ली आली. सतरंज्या, चादरी, शांताबाईंचं नवंकोरं लुगडं, जे हाती लागेल ते हळदीवर पडलं. कडेची दोन टोपली हळद काळवंडली, बाकी वाचली. त्या संध्याकाळी त्या माणसांसोबत भाकरी-ठेचा खाताना मला माझ्या आजोळाचा जितका अभिमान वाटला, तितका कधीच वाटला नव्हता.

येताना मावशीकडून त्या काळवंडलेल्या हळदीतली किलोभर मागून घेतली. भाजीला रंग कमी येतो, चव तीच.

परवा पुण्यातही भरदुपारी पाऊस आला. गच्चीवर माझे कपडे होते, तिसऱ्या मजल्यावरच्या एकट्या आजींची उशी-गादीही होती. आधी गादी ओढली. माझे कपडे चिंब झाले. मावशीला फोन करून सांगितलं.

ती एवढंच म्हणाली, "मंग बराबर."