भूमिगत आजोबा

कॉलेजातून निवृत्त झाले तरी माझी इतिहासाची खोड काही गेली नाही. यंदा जुलैभर मी एका फ्रेंच इतिहासकाराचं पुस्तक घेऊन बसले होते, जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्सबद्दलचं. युद्ध संपल्यावर तिथे जो तो म्हणे, आम्ही लढ्यात होतो. हा पठ्ठ्या मात्र म्हाताऱ्यांना शौर्याचं काही विचारतच नाही. तेव्हा जेवत काय होता, कामाला कोणत्या रस्त्यानं जात होता, एवढंच विचारतो. मला ही रीत फार आवडली.

लढवय्या आमच्याही घरात होता. बेचाळीसच्या चळवळीत आजोबा तीन महिने भूमिगत होते, हे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. म्हणूनच पंधरा ऑगस्टला जबलपूरच्या आमच्या मराठी मंडळात त्यांचा मुलगा म्हणून बाबांचा सत्कार ठरला होता. नव्वदीला टेकलेल्या बाबांनी आठवडाभर आधीच कोटाला इस्त्री करून घेतली.

त्यांना चहा देताना मी सहज विचारलं, "बाबा, त्या तीन महिन्यांत आजोबा जेवत काय होते?"

"पोळी-भाजी. मीच तर डबा पोचवत होतो कचेरीच्या फाटकावर."

"कोणत्या कचेरीच्या?"

बाबांनी कप खाली ठेवला. आजोबा इंग्रजांच्या लष्करी कचेरीत कारकून होते, हे मला ठाऊक होतं. कशाला खोटं सांगू, पुस्तकातली रीत लागू पडली म्हणून क्षणभर मला आनंदच झाला. मग त्यांचा चेहरा पाहिला आणि स्वतःचीच चीड आली.

"एक दिवस खाडा नाही केला त्यांनी," बाबा म्हणाले. "स्वातंत्र्यानंतर थोरल्या भावानं ती गोष्ट रचली. मग मीही सांगत गेलो."

"राहू द्या ना. आता कोणाला कळणार आहे?" मी म्हटलं. इतिहास शिकवण्यात जन्म गेला, आणि हे माझं बोलणं.

सत्काराला बाबांनी शाल घ्यायच्या आधीच माइक मागितला.

"माझे वडील भूमिगत नव्हते. नोकरीवर जात होते. घरात सात खाणारे होते. ही शाल दुसऱ्या कोणाले द्या."

अध्यक्षांनी मग वयाचा मान म्हणून शाल त्यांच्या खांद्यावर घातलीच, आणि बाबांनी कुरकुरत ती ठेवून घेतली. मला त्यांचा इतका अभिमान कधीच वाटला नव्हता.

घरी येताना ऑटोत मी विचारलं, "वाईट वाटून राहिलं का, बाबा?"

"काहून वाईट? वडिलांची आठवण येऊन राहिली," ते म्हणाले. "इतकी वर्षं त्या भूमिगतवाल्याचीच गोष्ट सांगत होतो. त्याची कधी आठवण आलीच नाही."