वाळूच्या लाल बादल्या

आमच्या अमरावतीच्या घरात पाऊल ठेवणाऱ्याला तुळशीच्या आधी वाळूच्या बादल्या दिसायच्या. लाल रंग दिलेल्या, दाराशेजारी खुंट्यांना टांगलेल्या, आणि प्रत्येकीवर पांढऱ्या रंगात ठळक लिहिलेलं 'आग'. नवा पाहुणा हमखास विचारायचा, "घरात काही कारखाना चालतो का?" आई पदर खोचत म्हणायची, "कारखाना नाई जी, फौजी हाये."

बाबा लष्कराला इंधन पुरवणाऱ्या युनिटमध्ये होते. हे वाक्य मी शाळेत छाती पुढे काढून सांगायचे आणि मैत्रिणींचा पुढचा प्रश्न ठरलेला असायचा: "म्हणजे पेट्रोल पंपावर?" मी चिडायचे. घरी येऊन बाबांवर फणकारायचे, तर त्यांना त्याचं काहीच वाटायचं नाही. ते मला समोर बसवून समजावायचे. रेल्वेच्या टाक्या यार्डात यायच्या. तिथून माल उतरवायचा, त्यात पाणी तर शिरलं नाही ना ते तपासायचं, पिंपांत आणि कॅनमध्ये भरायचं आणि गाड्यांनी डोंगरांकडे पाठवायचं. जिथे गाडी जात नाही तिथे खेचरं, आणि खेचर जात नाही तिथे माणसाची पाठ. बर्फातल्या चौकीवर जवान ज्या स्टोव्हवर भात शिजवायचा आणि ज्यापुढे हात शेकायचा, तो यांनी पाठवलेल्या रॉकेलवर पेटायचा. "रणगाडा असो का विमान, आमी नाई तं ते नुसतं लोखंड," असं सांगताना मात्र त्यांचा आवाज थोडा चढायचा.

युनिटचा इतिहास तर त्यांना तोंडपाठ होता. खूप जुन्या काळी पत्र्याच्या चौकोनी डब्यांतून पेट्रोल जायचं, आणि ते डबे इतके गळके की वाटेतच निम्मं जमिनीला मिळायचं. मग पिंपं आली, मग पक्के कॅन, मग टँकर, मग मैलोन् मैल टाकलेले पाइप. हे सगळं ते घराण्याच्या पिढ्या सांगाव्यात तसं सांगायचे, आणि आई भाजी निवडता निवडता म्हणायची, "झाली का तुमची पोथी?"

पण त्या युनिटचा खरा धर्म एकच होता: ठिणगी नको. फाटकावर प्रत्येकाने खिसे उलटे करायचे. काडीपेटी, लायटर, विडी, सगळं तिथल्या पेटीत. साहेब असो का शिपाई. बुटांना नाल नाही. हातोडी पितळेची, कारण लोखंडावर लोखंड आपटलं की ठिणगी उडते. टाकीचं झाकण उघडण्याआधी जमिनीत पुरलेल्या तांब्याच्या पट्टीला हात लावायचा, म्हणजे अंगातली वीज मातीत उतरते. ऐन तारुण्यात शिकलेलं हे सगळं बाबांच्या हाडात मुरलं होतं. नोकरी संपून किती वर्षं झाली तरी ते घरात शिरताना आधी लोखंडी फाटकाला हात लावत. शेजारच्या बायकांना वाटायचं, फाटकाला नमस्कार करतात.

आणि ते काडी ओढत नसत. कधीच. देवापुढचा दिवा आई लावायची, उदबत्तीही तीच. दिवाळीत ते अंगणाच्या टोकाला बादली घेऊन उभे, आणि मी फुलबाजी पेटवली की त्यांचा जीव वर-खाली. रविवारी सकाळी आमची कवायत असायची. बाबा शिट्टी वाजवायचे, मग आई आणि मी "आग! आग! आग!" असं तीनदा ओरडून बादली उचलायची आणि अंगणातल्या विटेवर वाळू फेकायची. आईला दुसऱ्याच 'आग'ला हसू फुटायचं. "अवं, हसून नाई राह्यचं," बाबा गंभीरपणे म्हणायचे, "मानसाचं डोकं गडबडते त्या टायमाले. हातालेच याद पायजे." आई आणखी हसायची आणि वाळू विटेवर न पडता बाबांच्या पायांवर पडायची.

एकदा शाळेने माजी सैनिकांना भाषणासाठी बोलावलं. पहिल्यांनी लढाईची हकिगत सांगितली, मुलं श्वास रोखून ऐकत होती. मग बाबा उठले आणि पेट्रोलमधलं पाणी कसं ओळखायचं ते सांगू लागले. मागच्या रांगेत चुळबूळ सुरू झाली, कुणीतरी टाकीत तेल भरल्यासारखा आवाज काढला. मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. घरी येताना मी रागातच विचारलं, "तुमच्याकडे कधी मोठी आगबिग नाही लागली का, बाबा? तेच सांगायचं होतं."

"नाई लागली," बाबा म्हणाले. "एकडावबी नाई लागली. तेच तं काम होतं आमचं."

ज्या कामात काही घडलं नाही म्हणजेच काम चोख झालं, त्याचं पदक कुणी देत नाही. हे मला तेव्हा कळलं नाही, आणि कळलं तेव्हा बाबांना त्याची गरज उरली नव्हती.

लग्न होऊन मी अकोल्याला आले. आई खाटेला लागली ती गेल्या वर्षी. मूत्रपिंडं निकामी झाली होती. डॉक्टर फार बोलायचे नाहीत आणि जे बोलायचे ते ऐकवायचं नाही. मी शनिवारी अमरावतीला जायचे, रविवारी परत यायचे, आणि त्या बसमध्ये बसल्यावर दर वेळी स्वतःचा संताप यायचा की मी जाऊन तिथे केलं काय? पाय चेपले, औषधं मांडली, उशी सरळ केली. तिचा चेहरा दर आठवड्याला आणखी सुजलेला. आपण काही करू शकत नाही हे कळत असताना काहीतरी करत राहायचं, याच्याइतकं थकवणारं दुसरं काही नसतं.

करत होते ते बाबा. तिला अंघोळ घालायचे, लुगडी धुवायचे, कणीक मळायचे, भाजी इतकी बारीक चिरायचे की मला लाज वाटावी. फक्त गॅस पेटवायचा नाही. पहाटे आईला चहा लागायचा. तर हा माणूस दुधाचं पातेलं गॅसवर ठेवून, साखर-पत्ती घालून, समोरच्या घराचं दार वाजवायला जायचा. समोर शिंप्याचं काम करणारे भाई राहायचे, बाबांच्याच वयाचे. नमाज आटोपून ते जागेच असायचे. ते येऊन काडी ओढायचे, बाबा दोन पावलं मागे उभे राहायचे. "क्या फौजी है ये," भाई आईला ऐकू जाईल असं म्हणायचे, "माचिसले घाबरते!" आई आतून हसायची. त्या घरात सकाळचं तेवढंच हसू उरलं होतं.

मी अकोल्याहून विजेची शेगडी नेऊन दिली. बाबांनी आधी भिंतीतल्या सॉकेटचं अर्थिंग तपासून घेतलं, मग चहा केला. आईने एक घोट घेतला आणि कप बाजूला ठेवला. "याले चव नाई," ती म्हणाली. चव चांगली होती. तिला पहाटेचं ते दार वाजणं आणि भाईंची थट्टा हवी होती, हे मला समजायला हवं होतं.

आषाढ संपता संपता तिने जेवण सोडलं. एका दुपारी मी तिच्या केसांना तेल लावत होते, बाबा पायथ्याशी बसले होते. ती सहज, भाजीला काय आणायचं ते सांगावं तशी बोलली.

"ऐकता का? जितेपनी तं तुमच्या हातानं पेटवलेला चुला नाई पाह्यला मी. आता तेवढी एक काडी तुमीच लावजा मले. तो पुतन्या-बितन्या नाई पायजे."

बाबा तिच्या पायाची बोटं चोळत होते. त्यांचे हात थांबले.

"लावान ना?"

"लावतो," बाबा म्हणाले.

त्यानंतरच्या दुपारी मी त्यांना स्वयंपाकघरात पाहिलं. ओट्यासमोर उभे, एका हातात पेटी, दुसऱ्यात काडी. काडी पेटीला टेकायची आणि तिथेच थांबायची. कपाळावर घाम. मग बोटं अशी काही आवळायची की काडीच मोडायची. केराच्या डब्यात न पेटलेल्या, मोडक्या काड्यांचा ढीग होता. मी म्हणाले, "बाबा, राहू द्या. आईने गमतीत म्हटलंय." ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "नाई. तिनं गमतीत नाई म्हटलं." आणि दुसरी काडी काढली. मी त्यांचा हात धरून ती ओढू शकले असते, पण मग ती माझी काडी झाली असती. मी दारातून निघून आले.

आई श्रावणात गेली. झड लागली होती, कित्येक दिवस सूर्य दिसला नव्हता. भिंतींना ओल आलेली, अंगणात पाणी, बादल्यांतली वाळूसुद्धा भिजून गोळा झालेली. विस्तवाचं मडकं बाबांनीच धरलं. हात लांब करून, तोंड एका बाजूला वळवून. मी त्यावर छत्री धरून चालत होते. मुलीने स्मशानात यावं का यावर काही जण मागे कुजबुजत होते. मी एकदाच वळून पाहिलं, तेवढं पुरलं.

शेडखालचे ओटे दुसऱ्या चितांनी आधीच अडलेले होते. आईला उघड्यावर घ्यावं लागलं. पाऊस जरा थांबला होता, पण लाकडं चिंब. तेव्हा वरूडकडून आलेला चुलत पुतण्या गाडीकडे गेला आणि ट्रॅक्टरच्या डिझेलचा कॅन घेऊन आला. आमच्याकडे पावसाळ्यात असंच करतात, त्यात त्याचं काही चुकलं नव्हतं. त्याने कॅनचं झाकण काढलं आणि वास सुटला.

बाबांची मान ताठ झाली. इतका वेळ वाकून उभा असलेला म्हातारा एकदम सरळ झाला.

"कॅन मांगं न्या," ते म्हणाले. "झाकन लावा पयले. फोन बंद करा सगळ्यांनी. वारं कुठून येऊन राह्यलं ते पाहा अन् तिकडून सरका."

कुणी सरकलं, कुणी एकमेकांकडे पाहिलं. "इथंबी ड्यूटीच करून राह्यला का बुडा?" एक जण पुटपुटला. मला त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली. पण बाबांना ऐकूच गेलं नव्हतं. डिझेल ओतलं गेलं होतं, आणि पुतण्याने पेटती चूड त्यांच्यापुढे धरली होती.

जन्मभर या माणसाने दोन गोष्टी एकमेकींपासून दूर ठेवल्या होत्या. आता एक समोर ओतलेली होती, दुसरी त्याच्या हातात देत होते, आणि मधे आई होती.

त्यांचा हात पुढे झाला आणि थांबला, स्वयंपाकघरात ओट्यापाशी थांबायचा तसाच. त्यांनी आजूबाजूला पाहिलं. भाई गर्दीच्या कडेला भिजल्या टोपीनिशी उभे होते. बाबांनी त्यांच्याकडे पाहिलं, रोज पहाटे दार उघडल्यावर पाहत असतील तसं.

"भाई, तेवढी..."

भाईंच्या डोळ्यांतून पाणी आलं. "आज नई भाऊ," ते म्हणाले. "आज तुमालेच करा लागते."

पुतण्या हळूच म्हणाला, "काका, मी लावू का?" मी हो म्हटलं तर आईचा शब्द जात होता, नाही म्हटलं तर बाबा. माझ्या हातात फक्त मिटलेली छत्री होती.

बाबा खाली वाकले. तळहात चिखलात पूर्ण टेकवला आणि क्षणभर तसाच ठेवला. लोकांना वाटलं, बायकोला शेवटचा नमस्कार करतात. मग ते उठले, पुतण्याच्या हातून चूड घेतली आणि दिलेला शब्द पाळला.

डिझेल पेटलं. एवढा भडका उडाला की सगळे मागे सरले. फक्त बाबा सरले नाहीत.

"आग!" ते ओरडले. "आग! आग!"

ती हाक मी लहानपणीच्या रविवारच्या कवायतीनंतर कधी ऐकली नव्हती. त्यांनी वाकून ओंजळभर चिखल उचलला आणि लाकडांवर फेकला. पहिल्या ओंजळीला काहींना वाटलं, माती देताहेत. दुसऱ्या ओंजळीला कुणालाच तसं वाटलं नाही. तिसऱ्या वेळी ते भडक्याच्या इतके जवळ गेले की पुतण्याने मागून कंबर धरली, भाईंनी एक हात आणि मी दुसरा. या वयात एवढी ताकद कुठून आली कुणास ठाऊक, आम्ही तिघेही ओढले जात होतो.

"सोड, बाई," ते मला म्हणाले. मला ओळखलं होतं त्यांनी; पूर्ण शुद्धीत होते. "काहून धरून राह्यली? सोड ना. अवं, आतमंदी तुही माय हाये."

लाकडं ओली होती तरी आता चांगली पेटली होती. मी हात सोडला नाही.