नरसय्याच्या दारातली मोटार

एखाद्या घराचं कोर्टात काम निघालं, की त्या घराला न्याय मिळायच्या आधी शेजाऱ्यांना किस्से मिळतात! आमच्या शेजारच्या नरसय्याचंच बघा ना.

गेल्या महिन्यात एका सकाळी मी नळावर हंडा लावून उभी होते. पुढं दोघी बोलत होत्या. "कळलं का? अपिलात नरसय्याला कोर्टानं सर्व्हिस मोटारच दिली, पण..."

तेवढ्यात गिरणीचा भोंगा झाला. दोघीही गिरणीत कामाला जाणाऱ्या. हंडे उचलून पळाल्या. 'पण' तेवढं माझ्यापाशी राहिलं!

आता हे प्रकरण मला पहिल्यापासून पाठ. नरसय्या विणकर, घरातच माग. अक्कलकोटच्या रस्त्याच्या कडेनं सुताचं गाठोडं घेऊन येत होता, तर मागून उतारू नेणारी सर्व्हिस मोटार आली आणि डाव्या पायावरून गेली. पाय राहिला, पण घोट्यातून वळेना. माग बंद. भरपाई मिळाली तर मागावर माणूस ठेवायचा, नाही तर माग विकायचा. तिसरा मार्गच नव्हता.

*

वकिलांनी बजावलं होतं, "अपघाताच्या वेळचं धोतर जपून ठेवा. कोर्टाला दाखवायचंय."

नरसय्याच्या बायकोनं, राजम्मानं, ते कसं जपलं? रक्ताचे डाग रिठ्यानं काढले आणि फाटलेल्या जागी एकेक धागा भरून असं विणलं, की भिंगातूनसुद्धा जोड सापडू नये! वकिलांनी कोर्टात ऐटीत घडी उलगडली, आणि उलगडतच राहिले.

"अहो बाई, फाटलेलं कुठंय?"

"अय्यो! फाटकं घिऊन कोर्टात कसं जायाचं सायेब? आमी विणकर हाय की!"

*

साक्षीला टांगेवाले हुसेनभाई होते. (हो, मी गेले होते. शेजाऱ्याचं कोर्ट, आणि मी घरी बसू?) मोटारमालकाच्या वकिलानं त्यांना पेचात धरलं, "मोटार जोरात होती हे कशावरून? तुम्हाला मोटारीतलं काय कळतं?"

"मेरेकू कुछ नै मालूम साब. पन मेरा घोडा हय ना, मैं चाबूक मार्‍या तो बी हलता नै. उस दिन सीधा नालीमें कूद्या!"

सगळं कोर्ट हसलं. हुसेनभाई मात्र बाहेर आल्यावर तोंड पाडून मला म्हणाले, "खालाजी, सबके सामने घोडेकी इज्जत गई."

*

मग मोटारमालकाचा वकील उठला. "विणकाम हे बसून करायचं काम. बसणाऱ्याचं पायावाचून काय अडतं?"

कोर्टाला पटलं! भरपाई दिली ती डॉक्टरलासुद्धा पुरेना. नरसय्या घरी येऊन मागाकडं बघत राहिला. मी म्हटलं, "चहा घेतोस का रे?"

"घेतो अक्का. बसूनच घ्यायचा हाय."

*

नरसय्याचे वकील भले माणूस. त्यांनी अपील केलं, आणि मोठ्या कोर्टानं माग बघायला एक साहेब पाठवला. साहेब घरी येणार म्हटल्यावर आम्ही काय सोडतोय! राजम्मानं जमीन सारवली. आता, यांच्या मागाला खाली खड्डा असतो. विणणारा काठावर बसतो आणि खड्ड्यात पाय सोडून पावड्या दाबतो. तो खड्डा साहेबांपुढं काही बरा दिसेना. मग त्यावर टाकली फळी, आणि फळीवर आमच्या घरची सतरंजी. कशी शोभा आली!

साहेब आले. माग नीट बघायला सतरंजीवर चढले, आणि फळी सरकली! एक पाय मांडीपर्यंत आत! तो पडला नेमका पावडीवर, आणि वर मागावरचं सूत खटकन दोन थरांत उघडलं.

"अरे, इथं काय असतं?" साहेब ओरडले.

नरसय्यानं त्यांना धरत नम्रपणे सांगितलं, "हितं आमचे पाय असत्यात, सायेब."

साहेबांनी वर यायच्या आधी तेवढं लिहून घेतलं.

*

तर, नळावरून मी धावत घरी आले. बघते तो नरसय्याच्या दारात खरंच मोटार! तीच, अक्कलकोटची! निम्मा बोळ अडलेला. शेजारी बेलिफ उभा.

"म्हणजे कोर्टानं दिलीच की याला!" मी म्हटलं.

"दिली नाही बाई, ठेवलीय," बेलिफ वैतागून म्हणाला. "अपिलात भरपाई वाढली, मालक देईना, म्हणून जप्ती. कोर्टात उभी करायला जागा नाही. पैसे येईपर्यंत यानं सांभाळायची."

मोटार बंद म्हणजे धंदा बंद. थोड्याच दिवसांत मालक स्वतः सगळे पैसे घेऊन हजर! वकिलांसमोर पावती झाली. मालक टोपी सारखी करत मोटारीकडं वळला, आणि जागीच थांबला.

टपावर, दारांवर, दोन्ही दिव्यांवर, हॉर्नच्या रबरी फुग्यावरसुद्धा, ताज्या लाल रंगातल्या ओल्या सुताच्या लड्या!

राजम्मा लाल हात पदराला पुसत दारात आली. आत मागावर ठेवलेला नवा माणूस खड्ड्यावरची फळी काढत होता.

"सूत वाळलं की न्या," ती म्हणाली. "तवर बसा की, सायेब. बसणाऱ्याचं काय अडतंय?"