धाकट्याची नक्कल

दादा गेल्याची तार रायपूरला हातात पडली तेव्हा पहिल्यांदा काय वाटलं सांगू? आता भांडायचं कुणाशी! आठ वर्षांचा अबोला होता आमचा. महिना होऊन गेला, तरी काही उमगत नाही...

आमचं घर नागपुरातल्या विणकरांचं. दादा मागावर बसायचा आणि धोटा थांबवून पाठकोऱ्या कागदांवर हौशी मंडळींसाठी नाटकं लिहायचा. नाटकं सगळी घरातलीच, सासू-सुनांची, भावा-भावांची. प्रत्येक नटाला तो नक्कल काढून द्यायचा. तिच्यात फक्त त्याची वाक्यं, आणि आधीच्याच्या बोलण्यातले शेवटचे दोन शब्द. पूर्ण नाटकाची वही एकच, ती दादापाशी.

आई अंथरुणाला खिळली असताना मी नव्या नोकरीपायी रायपूरला राहिलो. ती जाईपर्यंत ना आलो, ना पत्र टाकलं. पुढच्या दिवाळीला घरी आलो, तर दादाने नव्या नाटकातली धाकट्या भावाची नक्कल माझ्या हातात ठेवली. प्रयोग सुट्टीतच होता. वाचली आणि डोकंच फिरलं. पानोपानी ‘रजा नाही’, ‘जमत नाही’.

“मले असा काहून लिहिला, दादा?”

“तू आपली नक्कल पाठ कर गा. तालमीत पुरं समजंन.”

तालमीला थांबतो कोण! त्याच दुपारी गाडी पकडली. नक्कल पिशवीतच राहिली.

तेरवीनंतर वहिनीने ती पूर्ण वही माझ्यापुढे ठेवली. धाकटा रंगमंचावर नसतानाचा एक प्रवेश आहे. थोरला आजारी आईच्या उशाशी बसून धाकट्याचं पत्र वाचतोय. ‘आई, तुझ्याशिवाय करमत नाही, लवकर येतो.’ आई हसते. मग थोरला प्रेक्षकांकडे वळतो, कागद कोराच असतो.

“वहिनी, हे खरंच झालं होतं?”

“मले काय माहीत, भाऊजी? आईजवळ कागद घेऊन बसत, वाचत. मले वाटे, नाटकच वाचून राहिले.”

म्हणजे आई माझं पत्र ऐकून गेली, की हे सगळं दादाने नंतर रचलं? माझ्यावर माया म्हणून, की मला लाज वाटावी म्हणून? काहीच कळत नाही, आणि विचारायला दादा नाही. मला त्याची फार आठवण येते.

रायपूरला परतल्यावर ती जुनी नक्कल शोधून काढली. त्या प्रवेशाच्या जागी दादाच्या अक्षरात एकच ओळ आहे : ‘इथे तुला काम नाही. मी सांभाळतो.’