दीपगृहातला इशारा

गेल्या मंगळवारी सकाळी बस पलासियाला थांबली आणि माझ्या शेजारची बाई उतरली नाही. ती समुद्रकाठच्या गावातल्या चाच्यांची रहस्यकथा वाचत होती. मीही चोरून तेच वाचत होतो. पान संपलं की ती बोट ओलं करून थोडी थांबायची. दीपगृहातून चाच्यांना इशारा कोण देतो, हे आता कळणार होतं.

कंडक्टर ओरडला, "मॅडमजी, पलासिया! रोज इथंच उतरता ना?"

"चलने दो भिया, आज लेट मार्क लागू दे."

मग माझ्याकडे न बघताच ती म्हणाली, "तुमचं झालं का? उलटू?"

"थांबा, दोन ओळी."

"जल्दी करा ना, चाचे किनाऱ्याला लागले!"

तिने पान उलटलं. इशारा देणारा गावचा पोस्टमास्तर होता. आम्ही दोघंही शेवटच्या स्टॉपवर उतरलो.