एकशे सत्त्याऐंशी माणसांचे मामा

कॅनडात माणसं मोजायचं काम सरकार करतं, असा माझा भाबडा समज माझ्या बायकोच्या मामांची ओळख होईपर्यंत टिकला. सस्कॅचेवानच्या सपाट माळावरच्या एका चिमुकल्या गावात हे मामा जवळजवळ पन्नास वर्षांपूर्वी नागपूरहून डॉक्टर म्हणून आले. दोन वर्षं काढून टोरांटोकडे सरकायचं ठरलं होतं. आता दवाखान्याला कुलूप लागूनही बरीच वर्षं झाली, तरी मामा तिथेच आहेत आणि गाव मोजताहेत. हायवेवरच्या पाटीवर लोकसंख्येचा मोठा आकडा आहे, पण तिचं नाव काढलं की मामा भडकतात. "त्या पाटीला काय समजते? तिच्यातले किती लोक तर मीच सर्टिफिकेट लिहून वर पाठवले, बाप्पा!" त्यांचा स्वतःचा आकडा रोज ताजा असतो. पोटातलं बाळ ते चौथ्या महिन्यापासून धरतात. सस्काटूनला शिकायला गेलेला पोरगा, त्याचे स्नो बूट आईच्या दाराशी आहेत तोवर गावातलाच. आम्ही आमच्या किचनर शहरातून फोन केला की इतर लोक हवा सांगतात, तसे मामा आकडा सांगतात. "काल एक्क्याण्णव होतो, आज नव्वद. वॉल्टर गेला." वर शंभर आहेत हे आपण समजून घ्यायचं. आणि आम्ही न पाहिलेल्या वॉल्टरसाठी हळहळायचो, कारण त्याचा गुडघा, त्याची कुत्री आणि सुनेशी धरलेला अबोला आम्हाला तोंडपाठ असायचा.

त्यांच्या घरापासून पोस्ट ऑफिस चार मिनिटांवर आहे. मामांबरोबर जायला मला दीड तास लागला. समोरून साडेसहा फुटांचा एक शेतकरी आला, पिकअपची चावी खिशात टाकली आणि कोणी काही न विचारता भर रस्त्यात जीभ बाहेर काढून उभा राहिला. मामांनी टाचा उंचावून ती पाहिली, डोळ्याची पापणी खाली ओढली, म्हणाले, "लेस सॉल्ट, बडी," आणि पुढे निघाले. त्या माणसाचा जन्म मामांच्या हातचा, त्याच्या पोरांचाही.

मागच्या हिवाळ्यात मामी गेल्या. त्या दिवशी फोनवर मामांनी फक्त आकडा सांगितला, "सत्त्याऐंशी." तिथल्या रीतीप्रमाणे गावाने दुःखाच्या घरी जेवण पोचवलं. मामा मांस खात नाहीत हे सगळ्यांना ठाऊक, म्हणून एकतीस घरांतून एकतीस काचेची भांडी भरून बटाटे आले. एप्रिलात बायकोने मला पाठवलं. "मामांना घेऊनच ये, एकटे कसे राहतील?" मला वाटलं होतं भांडण होईल, पण मामांनी मुकाट्याने बॅग भरली. "येतो मी. पण आधी भांडी वापस करू. लोकांचं सामान ठेवून गाव सोडायचं नसते." ती भांडी बेसमेंटमध्ये रांगेने मांडलेली होती, प्रत्येकाच्या तळाला नावाची टेप. आता रिकामं भांडं परत द्यायचं नाही, हा मामींचा दंडक. म्हणून आम्ही दोघांनी पातेली भरभरून शिरा केला. ढवळून माझे खांदे भरून आले. दिवसभर दारोदार हिंडून एकतीस भांडी पोचती केली आणि मी हुश्श केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दार उघडलं, तर पायऱ्यांवर एकतीस भांडी. भरलेली. बटाटे, मॅकरोनी, बेरी भरलेल्या गोड पाई. मामांनी ती मोजली आणि गंभीरपणे म्हणाले, "रवा आणावा लागेल." मी फ्लाइट पुढे ढकलली. पुन्हा शिरा, पुन्हा एकतीस घरं, आणि सकाळी पुन्हा पायऱ्या भरलेल्या. तिसऱ्या खेपेला मी पाळतीवर राहिलो आणि शेजारच्या म्हातारबाईंना पायरीवर भांडं ठेवताना गाठलं. अत्यंत नम्रपणे समजावलं की हे असंच चाललं तर भांडी कधीच संपणार नाहीत, आणि ती संपली की डॉक्टर आमच्याकडे यायचे आहेत. त्यांनी भांड्यावरचं फडकं नीट केलं.

"आय नो, हनी," त्या म्हणाल्या. "द होल टाउन नोज."

मी मागे वळलो. मामा दारात उभे होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं. वाकून ते भांडं उचललं आणि आत नेलं. थोड्या वेळाने पाहतो तर भरलेली बॅग उघडून ते स्वेटर पुन्हा कपाटात लावत होते, आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं ते पुसतही नव्हते. मी त्यांना स्वेटरच्या घड्या घालून देत राहिलो.

विमानतळावरून बायकोला फोन लावला. कॉन्डोच्या आमच्या मजल्यावर आम्ही सहा वर्षं राहतोय, आणि समोरच्या दारामागे कोण राहतं हे मला आजही सांगता येणार नाही.

"मामा कुठे आहेत?" तिने विचारलं.

"घरी," मी म्हणालो. "त्यांना पाठवत नाहीत गं."